भिंतीवरची हाक

“पाणी सुटलं होऽऽ, काठ सोडा गं बायांनोऽऽ
धुणं राहू द्या दगडावर, लेकरं आधी उचलाऽऽ”

लग्न होऊन या घरात आली, त्याच्या दुसऱ्याच पहाटे थोरलीनं ही हाक पहिल्यांदा ऐकली होती. अर्धवट झोपेत तिला वाटलं, कुणी गातंय. पण गाण्याला इतकं लांब जायची घाई नसते. हा आवाज धरणाच्या भिंतीवरून सुटायचा, खाली नदीच्या पात्रात उतरायचा, दगडादगडाला शिवत पलीकडच्या काठाला टेकायचा, आणि ओल्या पाखरानं पंख झटकत येऊन बसावं तसा परत फिरून स्वयंपाकघराच्या खिडकीत बसायचा. मग चाकाची कुरकुर. मग पाणी. हाक दिल्याशिवाय दरवाजाच्या चाकाला हात लावायचा नाही, हा सासऱ्यांचा नेम. भिंतीवरून खाली आले की दारातूनच विचारायचे, “काय सूनबाई, आवाज कसा लागला आज?”

“खणखणीत, आबा,” ती चहा गाळता गाळता म्हणायची. आणि तेव्हा ते खरं होतं.

आज दुपारपासून तोच आवाज तिच्या कानात बसला होता. तो ऐकू येऊ नये म्हणून ती घासलेलीच भांडी पुन्हा घासत होती.

“वहिनी, ते पातेलं आता झिजून जाईल,” बाहेरून धाकट्या दिराचा आवाज आला. “या इकडे. एकदा शेवटची तालीम करून घेऊ.”

उद्या तिच्या नवऱ्याच्या चौकशीची शेवटची तारीख होती. धरणाचा दरवाजा पहाटे भोंगा न वाजताच उघडला गेला आणि लोंढ्यात काठावरची मावशी सापडली. दवाखान्याच्या चादरी धुणारी बाई. जीव वाचला, पण पाय दगडांत चिरडला तो कायमचाच गेला. त्याच दिवशी तिच्या नवऱ्याला निलंबित केलं. वर्ष उलटलं तरी घरात अर्धाच पगार येत होता. आणि त्या अर्ध्या पगारासाठीसुद्धा दर महिन्याला कचेरीत जाऊन लिहून द्यावं लागत होतं की मी दुसरीकडे कुठेही नोकरी करत नाही.

धाकटा दुसऱ्या एका कचेरीत लेखापाल. नियमांच्या जंगलात तो मांजरासारखा फिरायचा. चौकशी एवढी रेंगाळली तर हा अर्ध्या पगाराचा निर्वाह भत्ता वाढवायला हवा होता, तो वाढवला नाही, म्हणून खात्याशी भांडण त्यानंच मांडलं. आणि आता तर त्याला थेट किनारा दिसत होता. उद्या दादा निर्दोष ठरला की निलंबनाचा सगळा काळ कामावरचाच धरायचा, कापलेला सगळा पगार परत, वर हे खात्याचं घरही सुटायचं नाही. त्यासाठी एवढंच ठरायला हवं होतं की दादानं भोंग्याचं बटण दाबलं होतं, पण भोंगा वाजला नाही. खरंखोटं पाहायला भोंगाच उरला नव्हता. मावशीला काठावरून उचलून नेलं त्या रागात लोकांनी भोंग्याची खोलीच फोडून टाकली होती.

म्हणजे उरला वायरमन. भोंगा सांभाळणं त्याचं काम. तोही त्याच दिवशी निलंबित झालेला, तोही अर्ध्या पगारावर. दोघांपैकी एकाचा पगार परत मिळणार होता आणि दुसऱ्याची नोकरी जाणार होती. कुणाचं काय, ते उद्या थोरलीच्या साक्षीवर ठरणार होतं.

ती हात पुसत बाहेर आली. बाहेरची खोली लहानच. भिंतींना खात्याचा तोच हिरवट रंग, पोपडे धरलेला. नणंद कॉटवर पाय वर घेऊन बसली होती. नवरा खिडकीशी, सगळ्यांकडे पाठ करून. धाकट्यानं खुर्ची मधोमध ओढली, चष्मा नाकाच्या शेंड्यावर आणला आणि साहेब झाला.

“हं. बाई, त्या पहाटे तुमचे यजमान घरातून निघाले तेव्हा किती वाजले होते?”

“घड्याळ बघितलं नव्हतं.”

“अहो वहिनी, असं नाही चालणार! सरळ सांगायचं, नेहमीच्या वेळेला निघाले.”

“ती बिचारी खरं तेच सांगतेय,” नणंद म्हणाली. “या घरातलं घड्याळ तू दिलेलं, लग्नात. चढवलं त्या दिवसापासून बंद आहे.”

“ताई, थट्टा नको. वकिलाचे पैसे तुझेच गेलेत ना?”

“माझेच गेलेत म्हणून तर थट्टा करतेय. रडायला लागले तर तुम्हाला आवरायची नाही.” तिनं थोरलीकडे बघितलं. “सांग गं बाई, सांग. हे साहेब फार कडक आहेत.”

धाकट्यानं घसा साफ केला. “यजमान भिंतीकडे गेले ते तुम्ही पाहिलंत?”

“हो,” थोरली म्हणाली.

“भोंग्याच्या खोलीत शिरताना पाहिलंत?”

“हो.”

“मग भोंगा वाजला?”

“नाही.”

“बास!” धाकट्यानं मांडीवर थाप मारली. “झालं की. सगळं मिळून एवढंच तर आहे. त्यातला शेवटचा शब्द तर खराच आहे. भोंगा वाजला नाही, हे काही खोटं नाही ना?”

नणंदेनं मान खिडकीकडे वळवली. खिडकीतल्या पाठीवर उन्हाची एक तिरीप पडली होती, ती तशीच थांबून राहिली.

कारण तो शब्द खरा होता आणि त्याच्या आधीचे दोन्ही खोटे होते, हे त्या चौघांनाही ठाऊक होतं. त्या पहाटे तिचा नवरा अंथरुणात होता. नुसता त्याच पहाटे नव्हे, त्याच्या आधीच्या कितीतरी वर्षांच्या पहाटे.

सुरुवात तापानं झाली होती. नवऱ्याला ताप होता आणि दरवाजा तर उघडायलाच हवा, खालच्या शहराच्या टाक्या त्या पाण्यावर भरायच्या. निवृत्त झालेले आबा तेव्हा घरात चिमणीसारखे इकडून तिकडे उडायचे. या खोलीतून त्या खोलीत, कुठेच बूड टेकायचं नाही. म्हणाले, “तू झोप. चाक मला ओळखतं.” परत आले ते दहा वर्षांनी लहान होऊन. ताप उतरला, पण पहाट आबांकडेच राहिली. दिवसाची पाळी नवरा करायचा, शिस्तीत, भोंगा वाजवून. पहाटेला मात्र अंथरुणातूनच म्हणायचा, “त्यांना बरं वाटतं गं,” आणि पांघरूण डोक्यावर ओढून घ्यायचा.

त्यांना बरं वाटत होतं, हेही खरंच होतं. तिथेच तर सगळी पंचाईत होती.

आबांनी भोंग्याला कधी हात लावला नाही. भोंगा त्यांच्या निवृत्तीनंतर आलेला. “यंत्राला काय कळतंय काठावर कोण आहे,” असं म्हणायचे. त्यांची हाक होती ना.

नवरा खिडकीपासून उठला आणि कुणाकडे न बघता स्वयंपाकघरात गेला. पाणी प्यायला गेला असेल, असं सगळ्यांनी समजून घेतलं. थोरली चहाच्या निमित्तानं मागोमाग गेली.

तो ओट्याला टेकून उभा होता. पेला भरलेला, पण तोंडाला लावलेला नव्हता.

“दर महिन्याला त्या कागदावर सही करतो ना,” तो हळू आवाजात म्हणाला, “तिथला कारकून वाचून दाखवतो. मी दुसरीकडे कुठेही काम करत नाही. मोठ्यानं वाचतो मेला. सगळी कचेरी ऐकत असते. आणि माझ्या मनात येतं, दुसरीकडचं राहू दे, इथे तरी कुठे करत होतो?”

“दिवसाची पाळी करत होता की तुम्ही.”

“पगार दोन्ही पाळ्यांचा घेत होतो.” तो पेल्यात बघत म्हणाला. “अर्धा पगार कापला म्हणून धाकटा खात्याला शिव्या देतो. मला वाटतं, खात्यानं बरोबर मोजलंय. अर्धाच माझा होता. उरलेला म्हाताऱ्याच्या घशातून काढत होतो.”

थोरलीला त्याच्या खांद्यावर हात ठेवावासा वाटला. पण तिचेच हात तिला परके वाटत होते. याची लाज याच्या तोंडावर तरी आली होती. तिची अजून पोटातच होती.

कारण एक गोष्ट या घरात फक्त तिला ठाऊक होती.

आवाज काही एका दिवसात जात नाही. तो विहिरीच्या पाण्यासारखा उतरत जातो. पहिली कित्येक वर्षं तो खिडकीत येऊन बसायचा. मग एका पहाटे, नको असलेल्या पाहुण्याला चुकवावं तसा तो खिडकी चुकवून गेलासा तिला वाटला. ती मागच्या पायरीवर येऊन ऐकू लागली. मग पायरीवरूनही शब्द कळेनात, नुसता सूर यायचा. ती कुंपणापर्यंत जाऊ लागली. मग कुंपणाच्या पुढे, त्या वळणापर्यंत. आबा परत येताना दिसले की धावत मागच्या दारानं आत यायचं, धाप दाबायची आणि चहा गाळायला घ्यायचा.

“आवाज कसा लागला आज?”

“खणखणीत, आबा.”

शेवटी शेवटी तर ती वळणापुढे, पार भिंतीच्या पायथ्याशी जाऊन उभी राहायची. वर काळोखात मान उंच करून, दोन्ही हात तोंडाशी धरून म्हातारा उभा असायचा. आणि तोंडातून निघायची ती नुसती हवा. वाळलेल्या पानासारखी, भिंतीवरून निघून भिंतीवरच पडणारी. आबांना मात्र ती नदीपार जाताना ऐकू येत असावी. त्यांच्या चेहऱ्यावर तोच जुना उजेड असायचा. तो विझवायचा कसा? सांगायचं कुणी? तिनं नवऱ्याला सांगितलं असतं तर नवऱ्याला उठावं लागलं असतं. आबांना सांगितलं असतं तर आबा पुन्हा चिमणी झाले असते. घरात सगळ्यांना बरं वाटत होतं. फक्त काठावर कुणाला काही ऐकू येत नव्हतं.

मावशी तिला एकदा भेटली होती, बाजाराच्या गल्लीत. थोरली त्या गल्लीनं जायचीच नाही आता, लांबचा फेरा मारायची. पण त्या दिवशी समोरच आली, बगलेत कुबडी. शिव्या देईल म्हणून थोरली भिंतीला चिकटली. मावशीनं शिव्या दिल्या नाहीत. नुसतं विचारलं, “काय गं, आबा आजारी होते का त्या दिवशी? त्यांची हाक ऐकतच मी लहानाची मोठी झाले. अलीकडे कान गेले का माझे, म्हटलं. आपली वेळेच्या अंदाजानंच काठ सोडायचे, त्या दिवशी अंदाज चुकला. साहेबानं भोंग्याचं विचारलं, मी भोंग्याचं सांगितलं. हाकेचं त्यानं विचारलं नाही.”

“हो,” थोरली म्हणाली होती. “आजारी होते.”

“बरे आहेत ना आता?” मावशीनं विचारलं होतं. आणि थोरलीला वाटलं होतं, त्या गल्लीतली फरशी उचलून आपण तिच्याखाली जावं.

दारावर थाप पडली.

धाकट्यानं दार उघडलं आणि तसाच दारात अडून राहिला. “तुम्ही? तुमचं इथे काही काम नाही. उद्या काय ते तिथे बोला.”

“मी भांडायला नाही आलो,” वायरमन बाहेरूनच म्हणाला. “दादांशी एक शब्द बोलायचा आहे. पायरीवर उभा राहून बोलू का?”

“आत येऊ दे त्याला,” नणंद कॉटवरून म्हणाली. “पायरीवर बोलला तर सगळी वसाहत ऐकेल. एवढं तरी डोकं चालव.”

वायरमन आत आला. उंच, वाकलेला माणूस. वर्षभरात आणखी वाकलेला. बसायला सांगितलं तरी बसला नाही. खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून उभा राहिला आणि आपसूक त्याची नजर छतावरच्या पंख्याकडे गेली.

“हा लंगडतोय,” तो म्हणाला. मग स्वतःच ओशाळला. “सवय. आता कुणाचं काही दुरुस्त करायची चोरी झालीय. शेजारणीचा दिवा लावून दिला, तर तिनं चहा पाजला. तोही घाबरत घाबरत प्यालो. उद्या कुणी म्हणायचं, हा निलंबनात कमाई करतोय.”

नणंद हसली. मग पदर तोंडाशी धरला.

नवरा स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभा होता. वायरमननं त्याच्याकडे बघितलं.

“दादा, तुम्ही लिहून दिलंय, बटण दाबलं, भोंगा वाजला नाही. मी त्यावर काही म्हणत नाही. यंत्र आहे, दगा देऊ शकतं. माझं घर लांब, पहाटेचा भोंगा मला तिथे ऐकू येत नाही. पण मी आदल्या संध्याकाळी तो वाजवून पाहिला होता. तुमच्या आबांनीच मला शिवी घातली होती, कान फाडतोस का म्हणून. तेव्हापासून वर्षभर मी रोज मनात तो भोंगा उघडतोय. तार इथे सैल होती का. पाणी शिरलं होतं का. पट्टी गंजली होती का. माझी बायको म्हणते, झोपेत बोटं हलवता तुम्ही, स्क्रू पिळल्यासारखी.” त्यानं आपल्या बोटांकडे बघितलं. “मावशीच्या घरी मी जातो. तिच्या घरातले दिवे मीच लावतो, फुकट. ती मला जेवायला बस म्हणते. मला घास उतरत नाही. मला वाटतं, तो पाय माझ्यामुळे गेला.”

त्यानं खुर्चीची पाठ घट्ट धरली.

“नोकरी जायची तर जाऊ द्या. मला फक्त एवढं कळू द्या. तुम्ही खरंच बटण दाबलं होतं ना? मग तो पाय माझाच. मी तसं मान्य करून मोकळा होईन.”

थोरलीला वाटलं, खोलीतली हवाच कुणीतरी काढून नेली. तिच्या नवऱ्याचे ओठ हलले.

“दादा, एक अक्षर बोलायचं नाही,” धाकटा मध्ये आला. “हे सगळं शिकवून पाठवलंय ह्यांना. इथे काही कबूल करायचं आणि उद्या तिथे—”

“गप रे!” नणंद कॉटवरून खाली उतरली. तिचा आवाज एकदम बदलला होता. “माणूस स्वतःच्या गळ्यात दोर घालून घ्यायला आलाय आणि तू त्याला गाठ कशी मारायची ते दाखव. माझे पैसे यासाठी दिले होते का मी?”

“मग कशासाठी दिले होतेस? दादा बसून खातोय ते बघवत नव्हतं म्हणूनच ना?”

“बघवत नव्हतं. पण हे त्याहून बघवत नाही.”

“घर जाईल, ताई! आबांना घेऊन कुठे जायचं, तुझ्याकडे?”

“चालेल की! तुझ्याकडे तर नाहीच. तुझ्या घरात म्हाताऱ्या माणसानं खोकायचं म्हटलं तरी अर्ज लागतो.”

दोघं भावंडं लहानपणीसारखी एकमेकांवर तुटून पडली. आणि आवाज एवढे चढले, की मागच्या खोलीचं दार कधी उघडलं ते कुणाला कळलंच नाही.

दारात आबा उभे होते. अंगात खात्याचा जुना खाकी कोट, निवृत्तीच्या दिवशी घालून आले होते तोच. बटणं सगळी लावलेली, गळ्याशी सुद्धा. कोट तेवढाच राहिला होता आणि आतला माणूस कमी झाला होता.

“आबा, तुम्ही कशाला उठलात?” धाकटा म्हणाला.

“उद्या तारीख ना? मला कुणी सांगत नाही, पण मला कान आहेत.” ते सावकाश मधल्या खुर्चीशी आले. वायरमननं खुर्ची त्यांच्याकडे वळवली. “बस बाबा तूही. भोंगेवाला ना तू? उगाच वर्षभर भोंगा, भोंगा, भोंगा. उद्या मी येतो साक्षीला. दरवाजा मी उघडला.”

“आबा!”

“मीच उघडला. त्यात लपवायचं काय आहे? पोरगा झोपला होता, मी गेलो. हाक दिली, मग चाक फिरवलं. आयुष्यात हाक दिल्याशिवाय चाक फिरवलेलं नाही मी.”

वायरमन खाली बसला. “म्हणजे बटण कुणी दाबलंच नव्हतं,” तो अगदी हळू म्हणाला. कुणाला नव्हे, आपल्या बोटांना सांगत असल्यासारखा.

“बटण कशाला हवंय? हाक होती ना!” आबा चिडले. “ती बाई हाक ऐकून उठली नाही, त्याला मी काय करू? राहिली असेल रेंगाळत, एक चादर, अजून एक चादर. माझ्या हाकेनं पलीकडच्या काठाच्या शेळ्या उठायच्या. तिनं ऐकून न ऐकल्यासारखं केलं.”

थोरलीनं डोळे मिटले. बाजाराची गल्ली समोर आली, बगलेतली कुबडी, आणि ते शब्द, “बरे आहेत ना आता?”

धाकट्याचा चेहरा मात्र झरझर बदलत होता. तो हिशेबी माणूस. भिंत कोसळली तर विटा मोजायला लागणारा. तो थोरलीजवळ सरकला आणि ओठ न हलवता म्हणाला, “वहिनी, हे गेलं. पण सूचना दिली होती एवढं तरी धरता येईल. हाक दिली, ती घरापर्यंत ऐकू आली. तुम्ही ऐकली. मग दोष आबांचाही नाही, दादाचाही नाही. एका शब्दात सगळे सुटतील, वहिनी.”

सगळे. म्हणजे मावशी सोडून.

“सूनबाईला विचारा,” आबा म्हणाले. त्यांनी हात लांब करून तिच्याकडे बोट केलं आणि त्या बोटात केवढा विश्वास होता. “या घरात माझी हाक कुणी रोज ऐकली असेल तर हिनं. तुम्ही सगळे घोरत असायचात. ही जागी असायची. सांग गं यांना. त्या दिवशी आवाज कसा लागला होता?”

तिनं नवऱ्याकडे बघितलं. तो दाराची चौकट धरून उभा होता, मान खाली. मग त्यानं मान वर केली. वर्षभरात पहिल्यांदा सरळ तिच्या डोळ्यांत बघितलं.

“जे असेल ते सांग,” तो म्हणाला. “मी उद्या माझं सांगणार आहे. तू तुझं सांग.”

खोलीत पंखा लंगडत होता. आबा वाट बघत होते, मान थोडी कलती करून, चहाच्या कपाची वाट बघावी तशी. तो शब्द तिच्या जिभेवर तयारच होता, इतक्या वर्षांचा, गुळगुळीत झालेला. नुसतं तोंड उघडायचा अवकाश.

ती पुढे झाली. आबांच्या खुर्चीशी खाली बसली आणि त्यांचा हात दोन्ही हातांत घेतला. कोटाची बाही मनगटावरून मोकळी लोंबत होती. बोलली ती इतकं हळू की धाकट्याला पुढे वाकावं लागलं, पण आबांना सगळं ऐकू गेलं.

“मावशीनं ऐकून न ऐकल्यासारखं केलं नाही, आबा. मी त्या पहाटे भिंतीच्या पायथ्याशी उभी होते, तुमच्या खालीच. तुम्ही तोंडाशी हात धरलेले मला दिसले. पण हाक ऐकू आली नाही. मलाही नाही आली. फार वर्षं झाली, आबा, तुमची हाक कुणालाच ऐकू येत नाही. मी रोज खोटं सांगत होते.”